नानीला हसू येत नाही

घरात कापूस साठवून ठेवणाऱ्या माणसाला विचारून बघा. भाव वाढेल म्हणून तो खोली भरून ठेवतो, आणि थोड्याच दिवसांत घरातल्या सगळ्यांच्या अंगाला खाज सुटते! शेवटी असेल त्या भावात काढावाच लागतो. आमच्या युनिटच्या किश्श्यांचं तसंच झालंय. कधीतरी निवांत सांगू म्हणून ठेवले, आणि आता राहवत नाही. भाव काय द्यायचा तो तुम्ही द्या.

युनिट म्हणजे फार मोठं काही समजू नका. शहाद्याच्या एसटी स्टँडजवळ माझा फोटो स्टुडिओ आहे. लग्नाच्या शूटिंगवर पोट चालतं. लग्नाचा सीझन संपला की तोच कॅमेरा उचलून आम्ही अहिराणी कॉमेडी पिक्चर काढतो. आधी सीडी निघायच्या, आता यूट्यूबवर टाकतो. पाऊण तासाचा पिक्चर. त्यात चार-पाच गाणी, एक पाठलाग, एक खाष्ट सासू आणि बायकोच्या हातचं लाटणं चुकवत पळणारा एक नवरा. स्टोरी बदलते, लाटणं तेच असतं!

डायरेक्टर भटू. त्याचं मोबाईल रिपेअरिंगचं दुकान आहे, त्यामुळे शूटिंगच्या ऐन मध्यात कुणीतरी त्याच्या हातात बंद पडलेला फोन देतं. प्रोड्युसर मगनभाऊ, तापीकाठचे केळीवाले गुजर शेतकरी. कॅमेऱ्यामागे मी. आणि कॅमेऱ्यापुढे लोटन नाना!

नाना आमचा हीरो, कॉमेडियन आणि गरज पडली तर सासूसुद्धा. गावात त्याची पिठाची गिरणी आहे. नंदुरबारपासून सुरतेच्या खान्देशी वस्त्यांपर्यंत पोरं त्याला ओळखतात. बाजारात तो भेंडी निवडायला लागला तरी लोक हसतात. त्यानं अजून काही केलेलंही नसतं!

फक्त एक माणूस हसत नाही. नानाची बायको. आमची नानी.

नानाचे पिक्चर तिनं पाहिले नाहीत असं नाही. सगळे पाहिलेत. पिक्चर संपला की ती उठते, पदर झटकते आणि म्हणते, "झाया का? चला, चुल्हावर दाय शिजी ऱ्हायनी." नाना आम्हाला सांगायचा, "भाऊ, आखं खान्देश हसस. हाई एक बाई हसनी, तेच मी समजसू माले अ‍ॅक्टिंग येस." तो हे गमतीत बोलतो असं आम्हाला बरेच दिवस वाटत होतं.

*

नाना आम्हाला सापडला तो एका लग्नात.

वरात निघाली होती. पुढे बँड, मागे घोड्यावर नवरदेव, आणि मध्ये हा माणूस. नवरदेवाच्या लांबच्या नात्यातला कुणीतरी. पायजमा, पांढरा शर्ट, केसांत थोडं पीठ. चालता चालता पायात काटा मोडावा तसा तो एकदम लंगडायचा, आणि ते लंगडणं बरोबर ढोलाच्या ठेक्यावर पडायचं! मी कॅमेरा त्याच्यावर लावला, आणि खरं सांगतो, हलवायचं विसरूनच गेलो.

लग्नाचा व्हिडिओ दिला. चार दिवसांनी नवरदेवाचे वडील स्टुडिओत हजर.

"भाऊ, यामा मन्हा पोऱ्या कोठे शे?"

मी म्हणालो, "शे ना काका! नानाना मांगे घोडावर कोन बशेल शे, तोच!"

काका पैसे न देताच निघाले होते. पण जाता जाता दारातून वळले आणि म्हणाले, "तुन्हाकडे याना अजून कॉप्या व्हतीन का? व्याही मांगी ऱ्हायनात."

नंतर तो व्हिडिओ मी कितीतरी वेळा पाहिला. त्यात सगळी वरात हसताना दिसते. घोडेवाला हसतोय. बँडवाल्याची हसता हसता तोंडातली पिपाणी सुटत्येय. आणि एका कडेला एक बाई उभी आहे. तिच्या हातात नानाच्या चपला आहेत, आणि ती हे कधी संपतं याची वाट पाहत्येय. नानीची आणि माझी पहिली ओळख ती.

*

आमच्याकडे गाणं आधी रेकॉर्ड होतं. गाणारा वेगळा, नाचणारा वेगळा. शूटिंगला ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत मोठा स्पीकर ठेवायचा, गाणं लावायचं आणि नटानं नुसते ओठ हलवायचे. यात अवघड काही नाही.

नानाला तेवढंच जमत नव्हतं!

स्पीकरवर पहिली ओळ चालू असली की नानाचे ओठ दुसऱ्या ओळीवर. मागे आणावं तर तो तिसरीवर. भटूनं हात जोडले, ओरडून पाहिलं, शेवटी ट्रॉलीच्या चाकाला टेकून बसला.

"नाना, गाण्याच्या पुढे का पळताय?"

"माले माहीत शे ना पुढे काय शे! मंग थांबू कसाले?"

सूर्य उतरत होता. शेवटी भटू वैतागून म्हणाला, "नाना, तुम्ही कॅमेऱ्याकडे पाठ करा आणि काय नाचायचं ते नाचा."

नानानं पाठ केली. अख्खं गाणं पाठमोरा नाचला. खांदे, मान, कंबर, सगळं बोलत होतं. फक्त तोंड दिसत नव्हतं. ते गाणं एवढं चाललं, एवढं चाललं, की आता वरातीत कुठलाही पोरगा नाचायला लागला की आधी माझ्याकडे पाठ करतो! लोकांना नाना आवडतो, ते ठीक आहे. पण मला लग्नाच्या व्हिडिओत चेहरे मिळेनासे झालेत त्याचं काय?

नानीला ते गाणं दाखवलं तेव्हा ती म्हणाली, "हाई चांगलं शे. तोंड दिखत नही."

*

इथे एक गोष्ट सांगून ठेवतो. आमच्या युनिटमध्ये सगळ्यात चांगलं टायमिंग कुणाकडे असेल तर ते नानीकडे. ती एक वाक्य टाकते आणि पुढच्या कामाला लागते. आम्ही हसून हसून आडवे होतो, आणि ती आमच्याकडे, या लोकांना काय झालं, अशी बघते. भटूनं एकदा तिला रोल विचारला. ती म्हणाली, "गिरनी कोन चालाडी? तुम्हना बाप?"

खरंच होतं ते. नाना शूटिंगला आला की गिरणीवर नानी. नानाला आम्ही स्टार केलं असं आम्हाला वाटायचं, पण पट्टा नानी ओढायची.

*

नवापूरच्या पुढे रस्ता कधी महाराष्ट्रात असतो आणि कधी गुजरातेत जातो ते कळत नाही. भटूच्या डोक्यात आलं, दारुड्याचा सीन तिथेच करायचा. नाना झुलत झुलत महाराष्ट्रातून येणार, हद्दीवर थबकणार, एक पाय गुजरातेत टाकणार, काढून घेणार, परत टाकणार. तिकडे दारूबंदी, म्हणून पाय पुढे जाईना! आयडिया झकास होती. सीन नैसर्गिक दिसावा म्हणून मी कॅमेरा घेऊन लांब एका टेम्पोत लपून बसलो.

आता, नानानं आयुष्यात ताडीसुद्धा चाखलेली नाही. पण त्या दिवशी तो असा काही झुलला की मला टेम्पोत वास आल्यासारखं झालं. पाय टाकतोय, काढतोय, स्वतःच्याच पायाला समजावतोय. एवढ्यात पलीकडून दोन पोलीस आले आणि त्यांनी नानाला दोन्ही बगलांतून उचललं!

मी धावतोय, भटू धावतोय. पोचेपर्यंत नाना चौकीत बाकावर बसलेला. जमादार म्हणाला, "मों खोलो, काका!" नानानं तोंड उघडलं. जमादारानं वास घेतला. परत घेतला. दुसऱ्याला बोलावलं. त्यानंही घेतला. वास फक्त बाजरीच्या पिठाचा!

आम्ही हातापाया पडून सांगितलं, साहेब, हे अ‍ॅक्टर आहेत, शूटिंग चालू आहे. जमादारानं सगळं ऐकून घेतलं. मग त्यानं आतल्या सगळ्या स्टाफला बाहेर बोलावलं, खुर्च्या मांडल्या आणि नानाला म्हणाला, "काका, फरी एक वार करो ने!"

नानानं चौकीत परत सगळा सीन केला. चहा मिळाला, भजी मिळाली. परतीच्या गाडीत नाना एवढा खूश होता की नवापूर कधी मागे पडलं ते त्याला कळलं नाही. घरी गेल्यागेल्या त्यानं नानीला सांगितलं, "मन्ही अ‍ॅक्टिंग देखीसन पोलीसले बी मी दारुड्या वाटनू!"

नानी भाकरी थापत होती. म्हणाली, "मन्हा बापले बी तसंच वाटनं व्हतं. तरी त्यानी माले दिधी."

*

धडगावचा किस्सा सांगितला नाही तर भटू माझ्याशी बोलायचा नाही.

आठवडे बाजाराचा दिवस. नाना त्या पिक्चरमध्ये सासू. साडी, बांगड्या, अंबाडा, आणि मिशी काढायला तयार नाही म्हणून तोंडावर पदर! सीन असा की सुनेवर रुसलेली सासू वडापच्या जीपमागे धावते, मागच्या शिडीला लटकते आणि जीप वळणावर थांबते. ड्रायव्हरला भटूनं नीट समजावलं. ड्रायव्हर हो म्हणाला.

जीप निघाली. नाना धावला, लटकला. वळण आलं. पण ड्रायव्हर बिचारा रोजचा घाटातला माणूस. गाडी भरलेली आहे आणि वळणावर थांबायचं, हे त्याच्या पायालाच मान्य नाही! जीप गेली. आम्ही बघतोय, आणि डोंगरात वर वर एक हिरवी साडी फडफडत जात्येय.

फोनला रेंज नाही. दुसऱ्या जीपा भरल्याशिवाय निघेनात. आम्ही बाजारात बसून राहिलो. दुपार कलली तेव्हा वरून एक जीप आली, आणि तिच्यातून नाना उतरला. साडी नीट चापूनचोपून नेसलेली, हातात पानांत बांधलेली कसलीतरी डोंगरातली भाजी.

भटू ओरडला, "नाना! पुढच्या पाड्यावर का नाही उतरलात?"

"कसा उतरू? बायासनी माले मझार, जीपमा, जागा दिधी. एक बाईनी तिन्हं पोर मन्हा मांडीवर ठेवं, नी ते झोपी गयं. झोपेल पोरले कोन उठाडस?"

"अहो पण तुम्ही बाप्या माणूस आहात हे त्यांना कळलं नाही?"

"कळनं ना! मिशी देखीसन त्या मरोस्तोवर हसन्यात. त्यासनी पावरी बोलीमा काय काय बोलन्यात, माले काहीच समजनं नही. पन पोर झोपेल व्हतं ना!"

म्हणजे त्या पोराच्या आईचा पाडा येईपर्यंत नाना साडीत, मिशीसकट, मांडी न हलवता बसून राहिला. आम्ही सीनवर पाणी सोडलं. मला त्या दिवशी नानाचा फार लळा लागला, हे उघड सांगतो.

नानीला मात्र हे कळलं तेव्हा ती म्हणाली, "याले पोर झोपाडता येस? मन्हा तीन पोरंसना येळे कोठे व्हता?"

*

मगनभाऊंची एकच अट असते. प्रत्येक पिक्चरमध्ये एक गाणं त्यांच्या केळीत! त्यामुळे आमच्या पिक्चरमध्ये नवरा-बायको घरात भांडतात, आणि पुढच्याच मिनिटाला केळीच्या बागेत नाचत असतात. लोकांना सवय झाली आहे.

एकदा हिरोईन नाशिकहून आली, पण तिच्या कपड्यांची बॅग आली नाही. गाण्यात लग्नाचा शालू हवा होता. सगळे डोक्याला हात लावून बसले. नाना गुपचूप मोटारसायकलवर गेला आणि थोड्या वेळात एक जरीचा शालू घेऊन आला. कुणाचा, हे कुणी विचारलं नाही. कळलंच होतं.

शालू जपायला मगनभाऊंनी माणसं उभी केली. खाली सतरंज्या टाकल्या. हिरोईनला धूळ लागू दिली नाही. नाच छान झाला. ऊन फार होतं, म्हणून दोन शॉटच्या मधल्या वेळेत नानानं मायेनं एक मोठं केळीचं पान कापलं आणि पोरीच्या डोक्यावर धरून उभा राहिला.

आता तुम्ही नंदुरबारचे असाल तर एव्हाना तुम्ही "अरे देवा" म्हणाला असाल. केळीचा चीक! कापलेल्या देठातून तो थेंब थेंब पडतो तेव्हा पाण्यासारखा असतो. वाळला की काळपट तपकिरी होतो आणि कापड फाटलं तरी जात नाही. आमच्याकडे लहान पोरगंसुद्धा चांगले कपडे घालून केळीत जात नाही. तिथे आम्ही सगळे उभे होतो. केळीवाले मगनभाऊ होते! सगळे वर ऊन बघत होतो, पदरावर काय पडतंय ते कुणी पाहिलं नाही.

नानानं लिंबू लावलं, रॉकेल लावलं, पावडर लावली. शेवटी शालू उलटा घडी करून पेटीत ठेवून दिला.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, नानी माहेरी निघाली तेव्हा तिनं तो नेसायला काढला. नाना सांगतो, तो ओट्यावर बसून होता आणि आतून आवाज येईल म्हणून त्याचा जीव कानात आला होता. आवाज आलाच नाही. नानी तोच डागांचा शालू नेसून बाहेर आली आणि एसटीनं माहेरी गेली. तिथे भावजयांनी विचारलं, हे काय झालं? नानी म्हणाली, "पिक्चरमा काम करं त्यानी. घरमा मन्हा शालूले चान्स भेटना, माले नही."

भावजया हसून लोळल्या म्हणे. नानी हसली नाही. नानावर ओरडलीसुद्धा नाही, आणि नानाला तेच सहन झालं नाही.

*

त्यानंतर नाना बदलला. गिरणीवर बसून राहायचा. भटू नवीन स्टोरी घेऊन गेला तर म्हणाला, "माले नही जमत रे." आम्ही समजूत काढली, नाना, लाखो लोक हसतात. तो म्हणाला, "लोकं लाटनाले हसतस. मन्हा घरनी बाई माले वळखस, ती हसत नही. मंग मी काय करस?"

मला पहिल्यांदा त्याची काळजी वाटली. इतकी वर्षं जे गमतीचं वाटलं ते गमतीचं नव्हतं.

आणि एक दिवस तो स्वतःच भटूच्या दुकानात आला. कुणाचा तरी मोबाईल उघडून पडला होता, त्याच्याशेजारी कोपर टेकून म्हणाला, "भटू, माले मारी टाक."

भटूच्या हातातला स्क्रू खाली पडला.

"पिक्चरमा रे! मरानं काम दे माले. हसाडता येत नही ना, मंग रडाडीसन देखसू. ती रडनी ते ठीक. नही रडनी ते हाऊ मन्हा शेवटला पिक्चर. गिरनी बरी नी मी बरा."

पुरुषानं बायकोला रडवण्यासाठी पिक्चर काढायचा, ही जगातली पहिलीच वेळ असावी! पण नानाचा चेहरा बघून आम्ही कुणी हसलो नाही. अडचण मगनभाऊंची. ते म्हणाले, "नाना मेला तर पिक्चर पाहील कोण? आणि दुःखाच्या पिक्चरमध्ये केळीतलं गाणं कुठे टाकायचं?"

भटू म्हणाला, "भाऊ, अंत्ययात्रा तुमच्या केळीतून नेऊ."

मगनभाऊ लगेच तयार झाले.

*

मरणाचा सीन नानाच्याच गावात केला. अंगणात नाना आडवा, पांढरं कापड, हार. भोवती गावातल्या बायका. नानी आली नाही. दळणाची गर्दी आहे म्हणाली.

भटूनं बायकांना डायलॉग लिहून दिले होते, पण वाचता कुणाला येतंय आणि पाठ कोण करतंय! त्यात तुळसामाय होती. आमच्या भागात मयताच्या दारात बायका नुसतं रडत नाहीत, गेलेल्या माणसाचं सगळं चांगलं-चांगलं हेल काढून सांगतात. त्यात तुळसामायचा हात धरणारं कुणी नाही. ती म्हणाली, "कागद ऱ्हाऊ दे. मी मन्हा मनथीन रडस." भटू म्हणाला, रडा.

अ‍ॅक्शन म्हटलं आणि तुळसामायनं पदर डोळ्याला लावला.

"कसा गया रे नाना... आते आमनं दळन कोन दळी रे... बारीक सांगं ते बारीक दळे, जाडं सांगं ते जाडं दळे रे नाना... गरीबना डबा पहिले लावे रे..."

बाकीच्या बायकांनी सूर धरला. त्यातलं काहीही खोटं नव्हतं. लाईट धरणारा रडतोय. मी नानाच्या चेहऱ्यावर क्लोजअप घेतला आणि बघतो तर मयताच्या दोन्ही डोळ्यांतून पाणी कानाकडे चाललेलं!

"कट! नाना, मेलेला माणूस रडत नाही!"

नाना तसाच उठून बसला. "इतलं चांगलं आयकीसन बी?"

परत घेतलं. परत तेच. तुळसामाय दर वेळी नवीन गुण काढायची आणि नाना दर वेळी भरून यायचा. शेवटी भटूनं मयताच्या कानात घालतात तो कापूस नानाच्या कानांत असा काही ठासला की त्याला बँडसुद्धा ऐकू आला नसता. मग कुठे नाना नीट मेला. त्या टेकला तुळसामाय काय काय बोलली, ते नानाला कळलंच नाही.

पॅकअप झालं तर गावातली म्हातारी मंडळी वाटेत उभी. तिरडी उचलली आहे, खोटी का असेना, सगळ्यांनी आंघोळ केल्याशिवाय कुणाच्या घरात पाय टाकायचा नाही! मला कॅमेरा बाजूला ठेवून विहिरीवर जावं लागलं. मगनभाऊ, भटू, हिरोईन, सगळे ओले. नाना कोरडाच चहा पीत बसलेला. मी म्हणालो, नाना, तुम्ही?

"मयतले कसानी आंघोळ? मन्ही पहिलेच घालेल शे!"

*

पिक्चर पहिल्यांदा दाखवला तो एका मंगल कार्यालयात, भर दुपारी, खिडक्यांना काळा कागद लावून. पुढे मोठी स्क्रीन. एका बाजूला पुरुष, एका बाजूला बायका. अख्खं गाव आलं होतं. नानीला सुनांनी आणून बायकांच्या पुढच्या रांगेत बसवलं. मी मागे लॅपटॉपपाशी. माझ्या शेजारी नाना, उभाच. बसायला तयार नाही.

पहिला अर्धा पिक्चर कॉमेडी. लोक नेहमीसारखे हसले. नानी नेहमीसारखी बसली होती. नाना स्क्रीनकडे बघतच नव्हता. तो फक्त नानीच्या पाठीकडे बघत होता.

मग नाना मेला.

केळीतून अंत्ययात्रा निघाली, मागे गाणं. मगनभाऊंनी उपरणं डोळ्यांना लावलं. ते नानासाठी होतं की केळीसाठी ते मी सांगू शकत नाही. मग भटूनं मागची आठवण म्हणून शेवटी जोडलेला अंगणातला सीन आला. तुळसामाय सुरू झाली, आणि बायकांच्या बाजूला मुसमुसणं सुरू झालं. पुरुष खाकरायला लागले. एक पोरगी तर आईच्या कुशीत शिरून "नाना मरी गया" म्हणून भोकाड पसरून रडायला लागली, आणि नाना तिच्यामागेच उभा!

स्क्रीनवर तुळसामायनं हेल काढला, "बायकोना शब्दबाहेर कधी गया नही रे नाना... बायकोले कधी तरास दिधा नही रे..."

आणि नानीचे खांदे हलले.

नानानं माझं मनगट धरलं. एवढं घट्ट, की बांगडी असती तर फुटली असती. "रडनी! भाऊ, देख, रडनी ती!"

मी पाहिलं. नानीनं पदर तोंडात धरला होता. खांदे जास्तच हलायला लागले. ती पुढे वाकली, मग मागे झाली, आणि तोंडातून पदर सुटला.

नानी हसत होती.

साधंसुधं नाही. पोट धरून, मोठ्यानं, श्वास लागेपर्यंत! त्या सगळ्या रडणाऱ्या हॉलमध्ये एकटी. सुना तिला गप्प करायला बघतायत आणि तिला आवरत नाही. मागच्या रांगेतली एक म्हातारी चिडून म्हणाली, "वं माय, तुन्हा नवरा मरी गया नी तू हसी ऱ्हायनी?"

नानी हसतच राहिली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं. तिनं ते पदरानं पुसलं, खुर्चीतून अर्धवट उठली, मागे वळून मला शोधलं आणि सगळ्यांवरून ओरडली,

"भाऊ! तितलं परत लाव रे! तो मरस ना, ते!"

मी नानाकडे पाहिलं. त्याचं नाक, डोळे, मिशी, सगळं ओलं झालं होतं. माझं मनगट अजून त्याच्या हातातच होतं.

"मन्हाकडे काय देखी ऱ्हायना?" नाना म्हणाला. "लाव!"